जगज्जेतेपदाच्या आसपास

कोनेरू हम्पी महिलांच्या पारंपरिक बुद्धिबळाची जगज्जेती कधीच झाली नाही. हे पहिल्याच वाक्यात सांगून टाकलेलं बरं. तिच्याबद्दल लिहिणारे बहुतेक जण ही गोष्ट शेवटाकडे, हळहळत सांगतात, आणि मग आधीची पंचवीस वर्षं त्या हळहळीच्या रंगात बुडून जातात. वस्तुस्थिती अशी, की ज्या काळात महिलांचा जागतिक मुकुट सारखा या डोक्यावरून त्या डोक्यावर जात होता, त्या सगळ्या काळात ती जागतिक क्रमवारीतल्या पहिल्या काही नावांत होती. मुकुट डोक्यावर असलेल्या कित्येकींचं नाव त्या यादीत तिच्या खाली होतं. असं का झालं, हे समजून घ्यायचं तर तिच्या डावांइतकंच स्पर्धांच्या नियमांकडेही बघावं लागतं.

जन्म ३१ मार्च १९८७, आंध्र प्रदेशातल्या कृष्णा जिल्ह्यातल्या गुडिवाड्याचा. वडील कोनेरू अशोक रसायनशास्त्र शिकवत आणि स्वतः चांगले खेळाडू होते. राज्याचं विजेतेपद त्यांनी मिळवलेलं होतं. मुलगी चॅम्पियन व्हावी म्हणून त्या शब्दातलाच तुकडा तोडून तिचं नाव ठेवलेलं. पुढे त्याचं इंग्रजी स्पेलिंग त्यांनी रशियन वाटावं असं करून घेतलं, कारण त्या काळात बुद्धिबळ म्हणजे रशिया. ते पटावर बसलेले असताना पाच-सहा वर्षांच्या मुलीने बाजूला उभं राहून चाल सुचवली, ती योग्य निघाली, आणि शिकवणी सुरू झाली. लवकरच त्यांनी नोकरी सोडली आणि मुलीला शिकवणं हेच काम धरलं.

आपल्याकडे क्रीडापित्यांच्या कथा बऱ्याच आहेत आणि त्यातल्या सगळ्याच सुखाच्या नाहीत. अशोक यांच्या बाबतीत मात्र एक गोष्ट मान्य करावी लागते. पैसा लावून परदेशी प्रशिक्षक आणण्याची ऐपत नसताना, संगणकावर डावांचे संग्रह नुकते मिळू लागले होते अशा दिवसांत, त्यांनी घरच्या घरी जगातल्या पहिल्या दोन-तीनांत जाईल अशी खेळाडू तयार केली. ती बहुतेक वेळा वजिरापुढचं प्यादं दोन घरं सरकवून सुरुवात करते. घाई नाही, दंगा नाही. प्रतिस्पर्ध्याच्या बाजूचं एखादं घर कमकुवत होईपर्यंत थांबायचं, मग तिथे दाब वाढवत न्यायचा, आणि मोहऱ्यांची मारामारी होऊन पट मोकळा झाला की उरलेली बारीकशी आघाडी शेवटपर्यंत ओढत न्यायची. या खेळाला वेळ लागतो. ही बाब ध्यानात ठेवावी, पुढे तिच्यावरच बरंच काही अवलंबून आहे.

वयोगटांतली तिची कारकीर्द भराभर सांगता येते. १९९७मध्ये दहा वर्षांखालील मुलींची जगज्जेती, १९९८मध्ये बारा वर्षांखालील, २०००मध्ये चौदा वर्षांखालील, २००१मध्ये, वयाच्या चौदाव्या वर्षी, वीस वर्षांखालील. १९९९मध्ये अहमदाबादला बारा वर्षांखालील मुलांची आशियाई स्पर्धा होती. 'मुलांची' असं म्हणताना मुलगे असाच अर्थ आहे. ती त्यांच्यात खेळली आणि पहिली आली. ब्रिटनचं महिला विजेतेपद तेव्हा राष्ट्रकुल देशांच्या खेळाडूंनाही खुलं असे; तेही तिने २००० आणि २००२मध्ये घेतलं. २००२मध्येच गोव्यात वीस वर्षांखालच्यांची जागतिक स्पर्धा झाली. तिथे मुलींमध्ये तिचे आणि चीनच्या झाओ शुएचे गुण सारखे झाले, टायब्रेकच्या गणितात झाओ पुढे गेली आणि हम्पी दुसरी राहिली. सारखे गुण आणि तरी दुसरं स्थान, हा प्रकार तिच्या वाट्याला पुढेही आला.

पण त्या वर्षाची खरी बातमी गोव्याची नव्हती, बुडापेस्टची होती. मे २००२मध्ये तिथल्या एका स्पर्धेत तिने ग्रँडमास्टर किताबाची शेवटची अट पूर्ण केली. वय पंधरा वर्षं, एक महिना, सत्तावीस दिवस. सर्वांत लहान वयात ग्रँडमास्टर झालेल्या स्त्रीचा हंगेरीच्या युडिट पोल्गारच्या नावावरचा विक्रम तिने तीन महिन्यांच्या फरकाने मोडला.

इथे एक खुलासा हवा, कारण वर्तमानपत्रांत याचा दर वेळी घोटाळा होतो. बुद्धिबळात किताबांचे दोन जिने आहेत. एक सगळ्यांसाठी, त्याच्या वर ग्रँडमास्टर. दुसरा फक्त स्त्रियांसाठी, त्याच्या वर महिला ग्रँडमास्टर. दुसऱ्या जिन्याची वरची पायरी पहिल्याच्या मधल्या पायरीपेक्षाही खाली येते. महिला ग्रँडमास्टर व्हायला २३०० रेटिंग लागतं, ग्रँडमास्टर व्हायला २५००, आणि त्याशिवाय तीन 'नॉर्म'. नॉर्म म्हणजे परदेशी आणि किताबी खेळाडूंनी भरलेल्या स्पर्धेत, साधारण नऊ डावांत, २६००च्या ताकदीचा खेळ करून दाखवणं, आणि ते एकदा नव्हे, तीनदा. हम्पीने चढला तो पहिला जिना. तिच्याआधी तो शेवटपर्यंत चढलेल्या स्त्रिया जगात बोटांवर मोजण्याइतक्या होत्या. पहिली जॉर्जियाची नोना गाप्रिंदाश्विली, १९७८मध्ये. भारतात हम्पीच्या आधी एकही नव्हती आणि तिच्यानंतर दुसरी, द्रोणवल्ली हरिका, यायला २०११ उजाडलं. नऊ वर्षं पहिला जिना चढलेली ती या देशातली एकटी स्त्री होती. तिसरी आर. वैशाली, २०२३च्या अखेरीस. हरिका आंध्रची, वैशाली चेन्नईची.

मराठी वाचकाला इथे साहजिकच खाडिलकर भगिनी आठवतील, आणि आठवाव्यातच. १९७४मध्ये महिलांची राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली तेव्हा पहिली विजेती वासंती खाडिलकर. पुढची दहा वर्षं वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी बहिणींनी त्या स्पर्धेवर राज्य केलं. 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या या मुली. यातल्या रोहिणीने १९७६मध्ये, तेरा वर्षांची असताना, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत भाग घेतला. त्यावर आक्षेप आला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं, आणि जागतिक महासंघाचे अध्यक्ष मॅक्स यूव यांनी निर्णय दिला की स्त्रियांना राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय खुल्या स्पर्धांतून वगळता येणार नाही. यूव स्वतः माजी जगज्जेते होते. १९८१मध्ये रोहिणी हैदराबादला आशियाई विजेती झाली. तिच्यामागून भाग्यश्री साठे-ठिपसे, अनुपमा अभ्यंकर-गोखले आल्या. हम्पी अहमदाबादला मुलांच्या स्पर्धेत सहज नाव नोंदवू शकली, कुणी अडवलं नाही, त्याच्या मागे हा सगळा इतिहास आहे. आज तो महाराष्ट्रातसुद्धा फारसा कुणी सांगत नाही.

खुल्या स्पर्धेत खेळायची मुभा मिळाली, तरी खेळायचं किती, हा प्रश्न उरतोच. युडिट पोल्गारने तो एका फटक्यात सोडवला होता. महिलांच्या जगज्जेतेपदासाठी ती कधी खेळलीच नाही. पुरुषांत राहिली, २७३५ रेटिंगपर्यंत गेली, जगात आठवी झाली. हम्पीने मधला रस्ता धरला: महिलांच्या स्पर्धा सोडायच्या नाहीत आणि जमेल तिथे खुल्यातही उतरायचं. २००४मध्ये कोचीला वीस वर्षांखालची जागतिक स्पर्धा होती. मुलींचा गट हाताशी असताना ती मुलांच्या गटात खेळली. ती स्पर्धा पेंटाला हरिकृष्णने जिंकली, हम्पी पाचव्या स्थानाच्या बरोबरीत होती. २००९मध्ये मुंबईच्या महापौर चषकात तीन पुरुष ग्रँडमास्टरांबरोबर तिचे पहिल्या स्थानाचे गुण झाले. तोवर ती रेटिंगमध्येही एका वेगळ्याच जागी पोहोचली होती. ऑक्टोबर २००७च्या यादीत तिने २६००ची रेषा ओलांडली. पोल्गारशिवाय तोपर्यंत कुणाही स्त्रीला ते जमलेलं नव्हतं. जुलै २००९मध्ये ती २६२३वर होती.

हा मधला रस्ता बरोबर होता का? पोल्गारचा रस्ता जास्त रुबाबदार वाटतो खरा. पण पोल्गारच्या घरात तीन बहिणी एकमेकींशी खेळून वाढल्या आणि युरोपात दर आठवड्याला कुठे ना कुठे तगडी स्पर्धा असते. हम्पीला विजयवाड्याहून, घरून, प्रत्येक स्पर्धेसाठी विमान पकडावं लागतं. महिलांच्या स्पर्धांत आमंत्रण असतं, बक्षीस असतं, तेल आणि नैसर्गिक वायू महामंडळातली नोकरी टिकवणारी पदकं असतात. मला तरी तिचा निर्णय व्यवहारी आणि शहाणपणाचा वाटतो. त्याची किंमत मात्र तिने वेगळ्या ठिकाणी मोजली.

ते ठिकाण म्हणजे बाद पद्धत. एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात महिलांची जगज्जेती ठरायची ती चौसष्ट जणींच्या बाद फेरीतून. पहिल्या फेरीत बत्तीस लढती, मग सोळा, मग आठ, असं करत अंतिम. अंतिम फेरीआधीच्या एका लढतीत पारंपरिक पद्धतीचे फक्त दोन डाव. दोन्हींत मिळून बरोबरी झाली, तर दुसऱ्या दिवशी जलद डाव, तिथेही फैसला नाही झाला तर ब्लिट्झ, म्हणजे काही मिनिटांचे डाव. तीन आठवड्यांत एका दुपारी डोकं जड असलं, एक घोडा चुकीच्या घरात पडला, की सूटकेस भरायची. पुरुषांनी हा प्रयोग काही वर्षं करून सोडून दिला आणि ते समोरासमोरच्या प्रदीर्घ सामन्याकडे परतले. महिलांवर तो बराच काळ तसाच चालू राहिला. हम्पीच्या खेळाची ठेवण आधी सांगितली आहे. सावकाश दाब वाढवणाऱ्या खेळाडूला दोन डावांची लढत म्हणजे ओळख होण्याआधीच संपणारा प्रवास.

निकाल त्यानुसारच लागत गेले. २००४, एलिस्टा: वय सतरा, उपांत्य फेरीत रशियाच्या एकातेरिना कोव्हालेव्स्कायाकडून हार. २००८, नाल्चिक: रशिया आणि जॉर्जिया यांच्यात नुकतंच युद्ध झालेलं, जॉर्जियाच्या खेळाडू आल्याच नाहीत, आणि हम्पी होती अव्वल मानांकित. पुन्हा उपांत्य फेरी, समोर चीनची चौदा वर्षांची हू यिफान, पुन्हा हार. २०१०, तुर्कस्तानातलं अंताक्या: पुन्हा उपांत्य फेरी, पुन्हा यिफान. त्या वेळी यिफान पुढे जाऊन सोळाव्या वर्षी जगज्जेती झाली. तीन उपांत्य फेऱ्या म्हणजे प्रत्येक वेळी चौसष्टांतल्या साठ जणी घरी गेल्यावर ती तिथे उभी होती. अशा कामगिरीची कुठे नोंद राहत नाही, कारण यादीत एकच नाव कोरतात.

मग नियम बदलला आणि तिच्या बाजूने बदलला. एक वर्ष बाद फेरी, पुढच्या वर्षी समोरासमोर सामना, असा क्रम ठरला. आव्हान कोण देणार, हे ग्रां प्री मालिकेवरून ठरायचं. मालिका यिफाननेच जिंकली, पण जगज्जेतीही तीच असल्याने दुसऱ्या क्रमांकाला आव्हानाचा हक्क मिळाला, आणि दोह्यातला टप्पा जिंकून तो दुसरा क्रमांक हम्पीने मिळवला. नोव्हेंबर २०११मध्ये अल्बानियाची राजधानी तिरानात दहा डावांचा सामना ठरला. अखेर बाद फेरीचा जुगार नाही, सलग डाव, तयारीला वाव. तिला हवं होतं ते सगळं.

आणि ती हरली. आठ डावांतच निकाल लागला: यिफान ५.५, हम्पी २.५. पाच डाव बरोबरीत, तीन यिफानचे, हम्पीचा एकही नाही. बाद पद्धतीला दोष देणाऱ्या माझ्यासारख्यांना इथे थांबून मान्य करावं लागतं, की हा निकाल पद्धतीचा नव्हता. ती सतरा वर्षांची मुलगी त्या काळात अधिक चांगलं खेळत होती आणि पुढे पोल्गारनंतरची सर्वांत बलाढ्य महिला खेळाडू म्हणून तीच ओळखली गेली. हम्पीचं दुर्दैव काही असेल तर ते जन्मतारखेचं. युडिट पोल्गार आणि हू यिफान यांच्या बरोबर मधल्या जागेत ती सापडली.

तिरानानंतरची काही वर्षं बाहेरून पाहणाऱ्याला सपाट वाटतात. ग्रां प्रीचे टप्पे ती जिंकत राहिली, जागतिक क्रमवारीत वरच्या स्थानांवर राहिली, पण २०१२मध्ये खान्ती-मान्सीस्कला दुसऱ्याच फेरीत बाद झाली आणि २०१५मध्ये सोचीला उपांत्यपूर्व फेरीत मारिया मुझिचुककडून हरली. मारिया ती स्पर्धाच जिंकून गेली. देशोदेशींच्या संघांच्या ऑलिंपियाडमध्ये तर हम्पी दिसेनाशी झाली. २००६मध्ये तुरीनला ती खेळली, त्यानंतर थेट २०१८मध्ये. मधली पाच ऑलिंपियाड भारताचा संघ तिच्यावाचून खेळला. हरिका, तानिया सचदेव, सांगलीची स्वाती घाटे, पुण्याच्या ईशा करवडे आणि सौम्या स्वामिनाथन अशा मुली तो भार वाहत होत्या.

२०१४मध्ये लग्न, २०१७मध्ये मुलगी. दोन वर्षं ती स्पर्धेच्या पटावर बसलीच नाही. शारीरिक खेळात बाळंतपणानंतर परतणं अवघड, हे सगळ्यांना कळतं. बुद्धिबळात काय अवघड आहे, असं लोक विचारतात. अवघड असं असतं, की या खेळात खेळाडू झोपलेला असतानाही सुरुवातीच्या चालींचं शास्त्र पुढे जात असतं. संगणक रोज नवं काही शोधतो, रोज कुणीतरी ते पाठ करतं. दोन वर्षांपूर्वीचा भक्कम बचाव आज मोडीत निघालेला असतो. त्यात पाच-सहा तास एका जागी बसून एकाग्र राहायची सवय रात्रीच्या जागरणांनी मोडलेली असते. ती २०१८च्या शरदात बातुमीच्या ऑलिंपियाडमध्ये पटावर परतली, आणि पहिले काही महिने कामगिरी यथातथाच होती. सप्टेंबर २०१९मध्ये मात्र मॉस्कोजवळच्या स्कोल्कोवोत ग्रां प्रीचा टप्पा तिने जिंकला.

त्याच वर्षी २८ डिसेंबरला मॉस्कोत जे घडलं ते तिच्या आजवरच्या चरित्राशी विसंगत होतं. जागतिक जलद स्पर्धा. प्रत्येकीला पंधरा मिनिटं आणि दर चालीला दहा सेकंद जास्तीची. सावकाश खेळणाऱ्या, घड्याळाच्या कचाट्यात सापडण्याची खोड असलेल्या खेळाडूसाठी हा प्रकार सोयीचा नव्हे. बारा डावांत तिचे नऊ गुण झाले, चीनच्या लेई तिंगजीचेही तेवढेच. मग ब्लिट्झचे दोन डाव. पहिला हम्पी हरली. दुसरा काहीही करून जिंकायचाच होता, तो जिंकला. मग आर्मगेडॉन. यात पांढऱ्या मोहऱ्यांना वेळ जास्त असतो, पण डाव बरोबरीत सुटला तर काळ्यांचा विजय धरतात, त्यामुळे निकाल लागल्याशिवाय राहत नाही. तो पार करून हम्पी जगज्जेती झाली. वय बत्तीस, मुलगी दोन वर्षांची. ज्या घाईच्या डावांनी तिला नाल्चिकमध्ये बाद केलं होतं, त्याच घाईच्या डावांनी तिला पहिला जागतिक मुकुट दिला. कुणी कादंबरीत असं लिहिलं असतं तर जुळवून आणलंय म्हणून आपण नाक मुरडलं असतं.

फेब्रुवारी २०२०मध्ये सेंट लुईसचा केर्न्स कप तिने जिंकला. मग महासाथ आली आणि बुद्धिबळ घरोघरी संगणकावर गेलं. त्या ऑगस्टमधल्या ऑनलाइन ऑलिंपियाडमध्ये पुरुष, स्त्रिया, मुलगे, मुली असा मिश्र संघ होता. उपांत्य फेरीत पोलंडशी बरोबरी झाली आणि एकाच आर्मगेडॉन डावावर सगळं आलं. तो हम्पी मोनिका सोच्कोविरुद्ध काळ्या मोहऱ्यांनी जिंकली. अंतिम सामन्यात रशियाविरुद्ध भारताच्या दोन मुलांचं इंटरनेट तुटलं, वाद झाला, आणि शेवटी दोन्ही देशांना सुवर्ण दिलं गेलं. इंटरनेट तुटलेल्यांपैकी एक होती चौदा वर्षांची दिव्या देशमुख, नागपूरची. हम्पी आणि दिव्या तेव्हा एका संघात होत्या.

२०२४ हे वर्ष हम्पीसाठी विचित्र गेलं. एप्रिलमध्ये टोरोंटोला कँडिडेट्स, म्हणजे आव्हानवीर ठरवणारी साखळी स्पर्धा. ती दुसरी आली. पहिल्या आलेल्या चीनच्या तान झोंगयीपेक्षा दीड गुण मागे, आणि पुन्हा एकदा इतरांशी सारख्या गुणांवर. सप्टेंबरमध्ये बुडापेस्टला भारताच्या महिलांनी ऑलिंपियाडचं पहिलं सुवर्ण जिंकलं. त्या संघात हम्पी नव्हती. ज्या शहरात ती बावीस वर्षांपूर्वी ग्रँडमास्टर झाली होती, तिथेच हरिका, वैशाली, दिव्या, वंतिका अगरवाल आणि तानिया व्यासपीठावर उभ्या राहिल्या. दिव्याला तिसऱ्या पटाचं वैयक्तिक सुवर्णही मिळालं. डिसेंबरात भारताचा गुकेश बुद्धिबळाचा जगज्जेता झाला आणि सगळा देश त्या जल्लोषात असताना न्यूयॉर्कमध्ये जागतिक जलद स्पर्धा सुरू झाली. हम्पी पहिलाच डाव हरली. सदतिसाव्या वर्षी, अशा वर्षाच्या अखेरीस, पहिल्या डावात पराभव. त्यानंतरच्या दहा डावांत तिने साडेआठ गुण केले, शेवटच्या डावात इंडोनेशियाच्या इरीन सुकंदरला हरवलं आणि या वेळी टायब्रेकशिवाय एकटी पहिली आली. जलदचं जागतिक विजेतेपद एकाहून अधिक वेळा जिंकणारी ती, चीनच्या जू वेनजुननंतर, दुसरी.

एप्रिल २०२५मध्ये महिला ग्रां प्रीचा टप्पा पुण्यात झाला. दहा खेळाडू, नऊ डाव. हम्पी आणि चीनची झू जिनर दोघींचे सात-सात गुण, आणि इतक्या वर्षांनी टायब्रेकचं गणित हम्पीच्या बाजूने बसलं. दिव्या तिसरी आली. पुणेकरांनी दोघींना एकाच दालनात खेळताना पाहिलं. पाहणाऱ्यांपैकी कुणाला वाटलं नसेल, की तीन महिन्यांनी या दोघी महिला विश्वचषकाच्या अंतिम लढतीत समोरासमोर असतील.

ती लढत बातुमीला झाली. काळ्या समुद्रावरचं हे जॉर्जियाचं शहर. गाप्रिंदाश्विलीच्या देशात महिलांच्या बुद्धिबळाला घरचा मान असतो. पंधरावं मानांकन असलेल्या दिव्याने वाटेत झू जिनर, हरिका आणि माजी जगज्जेती तान झोंगयी यांना हरवलं होतं. हम्पीची उपांत्य लढत लेई तिंगजीशी, मॉस्कोतल्या त्याच प्रतिस्पर्धीशी. पारंपरिक डाव बरोबरीत, पंधरा मिनिटांचेही बरोबरीत. दहा मिनिटांच्या डावांत हम्पी पहिला हरली आणि दुसरा जिंकून जिवंत राहिली. मग पाच-पाच मिनिटांचे दोन, ते दोन्ही तिचे. अडतिसाव्या वर्षी, जगातल्या सर्वांत तेज मेंदूंपैकी एकीविरुद्ध, डाव जसे छोटे होत गेले तशी ती वरचढ होत गेली. तरुणपणच्या हम्पीला हे जमलं नव्हतं.

२६ आणि २७ जुलैचे अंतिम फेरीचे दोन्ही पारंपरिक डाव बरोबरीत सुटले. २८ तारखेला जलद डाव. पहिला बरोबरीत. दुसऱ्यात दिव्याकडे काळी मोहरी होती, डाव वळणं घेत राहिला, घड्याळ संपत आलं तेव्हा हम्पीची चाल चुकली आणि काही वेळाने तिने डाव सोडला. दिव्या एकोणीस वर्षांची होती. हम्पी ग्रँडमास्टर झाली तेव्हा दिव्याचा जन्मही झालेला नव्हता. विश्वचषक जिंकणाऱ्या खेळाडूला ग्रँडमास्टर किताब थेट मिळतो, त्यामुळे एकही नॉर्म नावावर नसताना दिव्या ग्रँडमास्टर झालेली चौथी भारतीय स्त्री ठरली. हम्पीला मात्र त्या किताबासाठी जिन्याच्या सगळ्या पायऱ्या चढाव्या लागल्या होत्या. दोन्ही रीती नियमांत बसतात आणि नियम खेळाडू करत नाहीत.

नागपुरात मिरवणुका निघाल्या, आणि ते योग्यच होतं. हम्पीच्या उपविजेतेपदाला बातमीच्या शेवटच्या परिच्छेदात जागा मिळाली. लेईला हरवलं तेव्हाच पुढच्या कँडिडेट्स स्पर्धेतलं तिचं स्थान पक्कं झालं होतं, हेही त्या परिच्छेदात बऱ्याच ठिकाणी राहून गेलं. डिसेंबरात दोह्याला जागतिक जलद स्पर्धा झाली. गतविजेती म्हणून उतरलेल्या हम्पीने तिथून कांस्यपदक आणलं.